वातानुकूलन यंत्राची घरगुती परीक्षा

वाशीम जिल्ह्यातील उन्हाळा कसा असतो हे तेथील गृहस्थास निराळे सांगावयास नको. चैत्र सरत आला की दुपारचा वारा तापू लागतो, वैशाखात पारा ४० अंश सेल्सिअसच्या वर चढतो, आणि सूर्य रोहिणी नक्षत्रात शिरला म्हणजे नवतप्याचे नऊ दिवस घरातील वृद्धांस व तान्ह्या मुलांस फार जड जातात. अकोल्याच्या मानाने वाशीमचे पठार उंचावर आहे, त्यामुळे रात्री थोडा दिलासा मिळतो हे खरे. तथापि सिमेंटच्या स्लॅबखाली निजणाऱ्यांपर्यंत तो फारसा पोचत नाही. वऱ्हाडातील जुन्या धाब्याच्या घरांच्या भिंती मातीच्या व जाड असत, छपरावरही मातीचा थर असे, आणि दिवसाचे ऊन त्यातून आत उतरेपर्यंत रात्र होऊन जाई. आजच्या घरांस ही सोय राहिलेली नाही. म्हणूनच वाशीम, कारंजा, रिसोड, मंगरूळपीर या गावांतून कूलर ही नित्याची वस्तू झाली आहे, आणि ज्यास सर्वजण एसी म्हणतात ते वातानुकूलन यंत्रही पुष्कळ घरांत आले आहे.

यंत्र आले की दोनतीन वर्षांत त्यामागून तक्रार येते. यंदा यंत्र थंड करीत नाही, असे घरातील कोणी तरी म्हणतो. कारागीर येतो, गॅस कमी झाला असे सांगतो, गॅस भरून पैसे घेऊन जातो, आणि पुढील उन्हाळ्यात तीच तक्रार पुन्हा उभी राहते. या सर्व प्रकारात एक गोष्ट मात्र कोणीच केलेली नसते. यंत्र किती थंड करते हे कोणी मोजलेले नसते. मुलाचे अंग कढत लागले तर आई प्रथम थर्मामीटर लावते, मग डॉक्टरांकडे जाते. हजारो रुपये देऊन आणलेल्या यंत्राच्या बाबतीत मात्र नुसत्या अंगाला काय वाटते यावर निर्णय होतो. वस्तुतः एक साधा उष्णतामापक, एक घड्याळ आणि भिंतीवरचा विजेचा मीटर एवढ्या तीन साधनांनी घरच्या घरी यंत्राची पुरेशी परीक्षा करता येते.

परीक्षा करण्यापूर्वी यंत्राचे काम काय हे समजून घेतले पाहिजे. वातानुकूलन यंत्र थंडी उत्पन्न करीत नाही. ते खोलीतील उष्णता उचलून बाहेर नेऊन टाकते. विहिरीवरची मोट जसे खालचे पाणी वर आणते, तसाच हा व्यवहार आहे. मोटेच्या ठिकाणी येथे एक द्रव असतो. आतल्या पेटीतील नळ्यांत तो कमी दाबाखाली उकळून वायुरूप होतो व तसे होताना खोलीतील हवेची उष्णता शोषून घेतो. कॉम्प्रेसर हा वायू दाबून अधिक तापवतो. बाहेरच्या पेटीत तो आपली उष्णता बाहेरच्या हवेस देऊन पुन्हा द्रव होतो, आणि फिरून आत येतो. अमेरिकेत विलिस कॅरिअर या तरुण अभियंत्याने १९०२ साली ब्रुकलिन येथील एका छापखान्यासाठी या प्रकारची योजना आखली. तेथे अडचण माणसांची नव्हती, कागदाची होती. दमट हवेने कागद फुगे व रंगीत छपाईचे ठसे जुळत नसत. हवेतील ओल काढून टाकणे हे या यंत्राचे मूळ काम होते, ही गोष्ट पुढे उपयोगी पडणार असल्याने ध्यानात ठेवावी.

यंत्राची शक्ती ज्या टनांत सांगतात, ते माप यंत्राच्या वजनाचे नाही. यंत्रे निघण्यापूर्वी गारवा हवा असेल तर बर्फच आणावा लागे. फ्रेडरिक ट्यूडर या व्यापाऱ्याने अमेरिकेतील तळ्यांवरचा बर्फ १८३३ साली जहाजाने कलकत्त्यास पाठविला होता. २००० पौंड, म्हणजे सुमारे ९०७ किलो बर्फ २४ तासांत वितळताना जितकी उष्णता शोषतो, तितकी उष्णता शोषणारे यंत्र ते एक टनाचे. हा हिशेब सुमारे ३.५ किलोवॅट होतो. दीड टनाचे यंत्र म्हणजे सव्वापाच किलोवॅटच्या आसपास उष्णता बाहेर फेकणारे यंत्र. मात्र हा आकडा बाहेरचे उष्णतामान ३५ अंश धरून ठरविलेला असतो. बाहेर ४३ अंश असतील तेव्हा तेच यंत्र कमी उष्णता उचलते व वीज मात्र अधिक घेते. वैशाखातील भर दुपारी यंत्र थोडे मागे पडले, तर तो प्रत्येक वेळी त्याचा दोष नसतो.

आता पहिली परीक्षा. खोलीची दारे-खिडक्या लावून घ्याव्या, यंत्राचे उष्णतामान सर्वांत खालच्या अंकावर आणि पंखा सर्वांत जलद ठेवावा, आणि १५ ते २० मिनिटे यंत्र चालू द्यावे. ही खबरदारी इन्व्हर्टर प्रकारच्या यंत्रांस विशेष आवश्यक आहे. कारण खोली हव्या त्या मानास आली की ती यंत्रे आपला वेग आपणच उतरवितात, आणि तशा वेळी केलेले मोजमाप फसवे ठरते. त्यानंतर उष्णतामापक आतल्या पेटीच्या वर, जेथून हवा आत ओढली जाते तेथे, दोनतीन मिनिटे धरावा व आकडा लिहून ठेवावा. मग जेथून थंड हवा बाहेर येते त्या तोंडाशी धरून दुसरा आकडा घ्यावा. स्टुलावर चढून हे करताना उष्णतामापक वा बोट आतील फिरत्या पंख्यात जाणार नाही याची काळजी घ्यावी. ताप पाहण्याचा थर्मामीटर या कामी चालत नाही, कारण त्यावर ३५ ते ४२ अंशांपुरत्याच खुणा असतात. खोलीची हवा मोजणारा साधा उष्णतामापक बाजारात थोड्या पैशांत मिळतो.

या दोन आकड्यांतील अंतर सामान्यतः ८ ते १२ अंश असावे. वर २९ आणि तोंडाशी १९ असे आले, तर यंत्र आपले काम करीत आहे. परंतु हे अंतर वाचताना ऋतू पाहिला पाहिजे. वैशाखात वाशीमची हवा इतकी कोरडी असते की यंत्राची बहुतेक शक्ती हवा थंड करण्यातच खर्च होते, आणि अंतर १२ पर्यंत किंवा त्याहून थोडे अधिकही येते. श्रावणात हवेत ओल भरलेली असते. तेव्हा शक्तीचा मोठा भाग त्या ओलीचे पाणी करण्यात जातो व अंतर ८ च्या आसपास उतरते. यंत्र तेच, प्रकृतीही तीच; फरक हवेचा. ज्याने मे महिन्यात आणि ऑगस्टमध्ये असे दोन्ही वेळा आकडे लिहून ठेवले आहेत, तो ऑगस्टमध्ये उगीच घाबरत नाही.

निचऱ्याच्या नळीतून पडणाऱ्या पाण्याविषयीही असाच गैरसमज होतो. पाणी ठिबकत नाही, म्हणजे यंत्र थंड करीत नाही, असे पुष्कळ लोक समजतात. बाहेर ४२ अंश उष्णता आणि हवेत १५ टक्के आर्द्रता असेल, तर त्या हवेतील वाफेचे पाणी होण्यास ती जवळजवळ १० अंशांपर्यंत थंड व्हावी लागते. आतल्या नळ्या बहुधा इतक्या थंड नसतात; म्हणून नळी कोरडी राहते. तेच पावसाळ्यात बादली भरते. वैशाखात नळी कोरडी असणे हा दोष नाही. आषाढात ती कोरडी असेल, किंवा पाणी नळीऐवजी भिंतीवरून ओघळत असेल, तर मात्र तपास केला पाहिजे. भिंतीवर आलेले पाणी बहुधा धूळ व शेवाळ यांनी नळी तुंबल्याचे चिन्ह असते.

दुसरी परीक्षा विजेच्या मीटरची. घरातील इतर सर्व उपकरणे बंद करून केवळ वातानुकूलन यंत्र पूर्ण जोराने चालू ठेवावे. मीटरवरचा लहान लाल दिवा एका युनिटामागे किती वेळा लुकलुकतो हा आकडा मीटरवरच छापलेला असतो. समजा तो ३२०० आहे आणि घड्याळ लावून मोजता एका मिनिटात दिवा ८० वेळा लुकलुकला. तर तासाला ४८०० वेळा, म्हणजे दीड युनिट वीज लागते. हा आकडा यंत्रावरच्या पट्टीवर लिहिलेल्या विजेच्या आकड्याशी ताडून पाहावा.

दोन्ही परीक्षांचे निकाल एकत्र मांडले की रोगाची दिशा कळते. अंतर चांगले आहे, हवेचा झोतही जोरात आहे, तरी खोली निवत नाही. तर दोष यंत्रात नसून खोलीत आहे. स्लॅब तापलेली असेल, पश्चिमेच्या खिडकीला पडदा नसेल, दाराखालून हवा येत असेल, किंवा खोलीच्या मानाने यंत्रच लहान असेल. अंतर १४-१५ अंशांपर्यंत वाढलेले पण झोत मंद असेल, तर जाळी किंवा आतल्या नळ्या धुळीने भरल्या आहेत. थोडी हवा फार थंड होते, पण खोलीस पुरत नाही. अंतर कमी आणि वीज नेहमीपेक्षा जास्त असेल, तर बाहेरची पेटी मळली आहे किंवा तिला मोकळी हवा मिळत नाही, असा संशय घ्यावा. अंतर कमी आणि वीजही कमी, त्यातून आतल्या नळ्यांच्या एखाद्याच भागावर बर्फ धरत असेल, तर वायू कमी झाला असण्याचा संभव आहे. म्हणजे ज्या कारणाचे नाव सर्वप्रथम घेतले जाते, ते या यादीत शेवटी येते. हा निवाडा जुन्या पद्धतीच्या एकाच वेगाने चालणाऱ्या यंत्रास अधिक लागू पडतो, तरी इन्व्हर्टर यंत्राच्या बाबतीतही आरंभीची दिशा त्यावरून कळते.

या वायूविषयी एक गोष्ट प्रत्येक गृहस्थाने पक्की ध्यानात ठेवावी. मोटारीतील पेट्रोलप्रमाणे तो जळून संपत नाही. बंद नळ्यांच्या चक्रात तोच तो वायू वर्षानुवर्षे फिरत राहतो. तो कमी झाला असेल, तर कोठे तरी गळती आहेच. गळती न शोधता वायू भरणे म्हणजे फुटक्या रांजणात पाणी ओतणे होय. म्हणून कारागिरास दोन प्रश्न विचारावे: गळती कोठे आहे, आणि वायू वजन करून भरणार की अंदाजाने? गळती शोधून, जोड दुरुस्त करून, नळ्यांतील हवा पंपाने पूर्ण काढून, यंत्रावरच्या पट्टीवर लिहिलेल्या वजनाइतका वायू भरणे ही योग्य रीत. जुन्या यंत्रांत आर-२२ हा वायू असे. वातावरणातील ओझोनच्या थरास तो अपाय करतो, म्हणून १९८७ च्या मॉन्ट्रियल करारान्वये त्याचा वापर हळूहळू बंद करण्यात येत आहे. नव्या यंत्रांत पुष्कळदा आर-३२ असतो. तो ओझोनला अपाय करीत नाही. पण हवेत सुटला तर त्याच वजनाच्या कार्बन डायऑक्साइडपेक्षा सुमारे ६७५ पट उष्णता पृथ्वीभोवती अडकवून ठेवतो, आणि काही प्रमाणात ज्वालाग्राहीही आहे. यास्तव नळ्यांचे काम शिकलेल्या कारागिराकडूनच करवून घ्यावे. घरच्या माणसाने त्यास हात लावू नये.

घरच्या माणसाने करावयाचे काम निराळे आहे, आणि ते फार सोपे आहे. आतल्या पेटीतील जाळी उन्हाळ्यात दर पंधरा दिवसांनी काढून साध्या पाण्याने धुवावी व सावलीत पूर्ण वाळवून बसवावी. काळ्या मातीच्या या मुलखात उन्हाळी वाऱ्याबरोबर बारीक धूळ घरात येते, आणि दसऱ्याच्या सुमारास सोयाबीनची मळणी सुरू झाली की हवेत भुसा तरंगतो. ज्यांचे घर शेताजवळ किंवा बाजार समितीच्या रस्त्यावर आहे, त्यांनी मळणीनंतर बाहेरची पेटी अवश्य पाहावी. वीज बंद करून तिच्या पातळ धातूच्या पट्ट्यांवरची धूळ मऊ कुंच्याने व पाण्याच्या हलक्या धारेने काढता येते. जोराचा फवारा मारल्यास पट्ट्या वाकतात व हवेची वाट बंद होते. बाहेरच्या पेटीवर सावली असणे चांगले. पण गोणपाट गुंडाळून किंवा बंद गॅलरीत कोंबून केलेली सावली घातक ठरते, कारण पेटीने फेकलेली तापलेली हवाच तिला पुन्हा ओढावी लागते. नळ्यांवर बर्फ धरला असेल, तर यंत्र थंडीवरून नुसत्या पंख्यावर आणावे व बर्फ आपोआप वितळू द्यावा. सुरीने किंवा चमच्याने तो खरवडणाऱ्याने स्वतःच्या हाताने नळीस भोक पाडून घेतल्याची उदाहरणे कारागिरांस नवी नाहीत.

कूलरची परीक्षाही याच उष्णतामापकाने होते, मात्र रीत वेगळी. वाळ्याच्या ताट्यांवर पाणी शिंपून खोली निववण्याची जुनी पद्धत आणि आजचा कूलर यांचे तत्त्व एकच आहे: पाण्याची वाफ होते तेव्हा ती हवेतील उष्णता घेते. म्हणून हवा जितकी कोरडी, तितका गारवा अधिक. बाहेर सावलीत उष्णतामापकाचा आकडा घ्यावा. मग त्याच्या टोकास पातळ सुती फडके गुंडाळून, ते ओले करून, पंख्याच्या वाऱ्यात धरावे व पारा जेथे स्थिर होईल तो आकडा लिहावा. बाहेर ४२ अंश व आर्द्रता १५ टक्के असता ओल्या फडक्याचा आकडा सुमारे २२ येतो. याखाली कूलर कदापि जाऊ शकत नाही. पण या २० अंशांच्या अंतरापैकी तीन चतुर्थांश अंतर त्याने कापले पाहिजे. त्याच्या तोंडाशी २७ अंशांच्या आसपास हवा आली तर कूलर उत्तम. ३२-३३ आली, तर ताट्यांवर पाणी सारखे पसरत नाही, किंवा जड पाण्यातील क्षार त्यांवर साचले आहेत. विहिरीचे व बोअरचे पाणी वापरणाऱ्या घरांत हे क्षार एका हंगामातही ताट्या दगडासारख्या करून टाकतात. पावसाळ्यात बाहेर ३४ अंश व आर्द्रता ६५ टक्के असता ओल्या फडक्याचा आकडा २८ च्या वर राहतो, आणि कूलरचा उपयोग संपतो. मृगाच्या पावसानंतर कूलर बिघडल्याची जी तक्रार होते, तिचे कारण हे आहे. कूलर व वातानुकूलन यंत्र एकाच बंद खोलीत एकदम चालविणे तर सर्वस्वी चुकीचे. पहिल्याने हवेत घातलेली ओल दुसऱ्यास वीज खर्चून काढावी लागते.

कूलरच्या बाबतीत परीक्षेहूनही महत्त्वाची गोष्ट जिवाची आहे. पाणी, लोखंडी पत्रा आणि वीज या तिहींचा तेथे संयोग असतो. टाकीत पाणी भरण्यापूर्वी बटण बंद करणे पुरेसे नाही. प्लग काढून ठेवावा. घराचे अर्थिंग तपासून घ्यावे, आणि गळतीची वीज जाणवताच प्रवाह तोडणारी ३० मिलिअँपिअरची कळ घराच्या जोडणीत बसवून घ्यावी. लहान मुलांस चालू कूलरला हात लावू देऊ नये. टाकी दर आठवड्यास रिकामी करून, घासून, वाळवावी. डेंग्यू पसरविणाऱ्या डासाची अंड्यापासून उडण्यापर्यंतची वाढ होण्यास आठवड्याहून थोडा अधिक काळ लागतो, आणि साप्ताहिक कोरडा दिवस पाळल्याने ती वाढ मध्येच खुंटते.

यंत्र निरोगी असले तरी त्याच्याकडून काम कसे घ्यावे हा विवेक उरतोच. देशात ऊर्जा कार्यक्षमता विभागाची, म्हणजे बी.ई.ई.ची, स्थापना २००२ साली झाली. यंत्रांवर दिसणारे तारे त्याच विभागाच्या मापाने दिले जातात. १ जानेवारी २०२० पासून तारांकित यंत्रे सुरू करताच ती २४ अंशांवर असावीत असा नियम झाला, आणि एकेक अंश वर नेल्याने सुमारे ६ टक्के वीज वाचते असे हा विभाग सांगतो. १८ अंक लावल्याने खोली लवकर थंड होते ही समजूत एका वेगाच्या यंत्राबाबत निराधार आहे. त्याचा वेग अंकाने बदलत नाही, ते केवळ अधिक काळ चालत राहते. यंत्र २६ वर ठेवून छताचा पंखा मंद चालविला, तर अंगावरचा घाम वाळून तोच गारवा वाटतो. स्लॅबला वरून चुन्याची पांढरी सफेदी दिली व पश्चिमेची खिडकी दुपारी झाकली, तर खोलीतील उष्णतेचा भार मुळातच हलका होतो, आणि वीज गेली तरी तो लाभ टिकून राहतो.

हंगामाच्या आरंभी, म्हणजे गुढीपाडव्याच्या सुमारास, एक लहान वही करावी. तीत तारीख, बाहेरचे उष्णतामान, आत जाणाऱ्या व बाहेर येणाऱ्या हवेचे आकडे, आणि मिनिटास दिवा किती वेळा लुकलुकला तो आकडा, एवढ्या गोष्टी महिन्यातून एकदा लिहाव्या. घरातील शाळकरी मुलगा किंवा मुलगी हे काम आनंदाने करील व त्यात पदार्थविज्ञानाचा एक धडाही शिकेल. कारागीर दारात येईल तेव्हा ही वही त्याच्यापुढे ठेवावी. प्रामाणिक कारागिरास तिच्यामुळे दोष लवकर सापडेल, आणि अप्रामाणिकास नसलेला दोष दाखविणे कठीण जाईल.